निकोलाए ग्रिगोरेस्कू : उजेड, धूळ आणि एका देशाचे निसर्गचित्र

रोमानियाच्या चलनी नोटांवर राजे किंवा सेनापती नाहीत. तिथे इतिहासकार, संगीतकार, वैमानिक, नाटककार आणि कवी आहेत, आणि १० लेईच्या नोटेवर एक चित्रकार आहे. त्याचे नाव निकोलाए ग्रिगोरेस्कू (१८३८–१९०७). या माणसाने आयुष्यभर बहुतांशी काय रंगवले, याची यादी केली तर ती फारच साधी निघते: जंगलाची कड, पावसाने नरम झालेली गाडीवाट, ओढा, मेंढ्या राखणारे पोर, सूत कातणारी शेतकरीण आणि पुन्हा पुन्हा बैलगाडी. एवढ्या साध्या विषयांमुळे एखादा चित्रकार देशाच्या नोटेवर जाऊन कसा बसतो, हे समजून घ्यायचे तर दोन वेगळ्या गोष्टी उलगडाव्या लागतात. पहिली गोष्ट नजरेची आणि रंगाची आहे, म्हणजे उघड्यावर बसून निसर्गचित्र रंगवणे हे नेमके काय असते याची. दुसरी गोष्ट राजकारणाची आहे, कारण ग्रिगोरेस्कूचे आयुष्य आणि रोमानिया नावाचा देश ही दोन्ही जवळपास एकाच काळात आकाराला आली.

त्याचा जन्म १५ मे १८३८ रोजी दंबोवित्सा जिल्ह्यातल्या पितारू या खेड्यात झाला. तेव्हा रोमानिया असा देश नव्हता. वलाखिया आणि मोल्डाव्हिया ही दोन संस्थाने होती, त्यांच्यावर ऑटोमन सुलतानाचे अधिराज्य होते आणि रशियाचा वचकही होता. ग्रिगोरेस्कू लहान असतानाच वडील वारले आणि कुटुंब बुखारेस्टच्या कडेच्या एका गरीब वस्तीत मावशीच्या आश्रयाला आले. वयाच्या दहाव्या वर्षाच्या आसपास तो अंतोन क्लादेक या मूळच्या चेक चित्रकाराच्या कार्यशाळेत उमेदवारी करू लागला. क्लादेक लघुचित्रांत तरबेज होता. पण या प्रदेशात चित्रकाराला हमखास मिळणारे काम एकच होते, ते म्हणजे चर्चमधल्या पूजेच्या प्रतिमा. ऑर्थोडॉक्स पंथात या प्रतिमांना मोठे स्थान आहे आणि त्या विकून घर चालवता येत असे. पोरवयातच ग्रिगोरेस्कू अशा प्रतिमा रंगवून कुटुंबाला हातभार लावू लागला. पुढे बायकोई येथील चर्चचे आणि कालदारुशान मठाचे काम त्याला मिळाले, १८५६–५७ मध्ये झाम्फिरा मठाचे आणि १८५८ ते १८६१ या काळात मोल्डाव्हियातल्या आगापिया या जोगिणींच्या मठाचे.

आगापियाच्या वेळी तो केवळ वीस वर्षांचा होता, आणि तिथल्या भिंती पाहिल्या तर त्याची पुढची वाट थोडीफार दिसू लागते. परंपरेने चालत आलेल्या बायझंटाइन धाटणीत संताची आकृती समोरून, स्थिर आणि सपाट असते. मागे सोनेरी रंग असतो, सावली पडत नाही आणि क्षितिजही नसते. अशा प्रतिमेत हवामान नसते असे म्हटले तरी चालेल. ती अनंतकाळाची आहे, तिथे सकाळ-दुपार होत नाही. आगापियात ग्रिगोरेस्कूने इटालियन प्रबोधनकाळातल्या चित्रांच्या छापील प्रतींवरून शिकून चेहऱ्यांना गोलाई दिली, वस्त्रांवर प्रकाश पाडला आणि संतांना हाडामांसाची माणसे केले. हे काम पाहून मिहाईल कोगाल्निचेआनू या वजनदार राजकारण्याने त्याच्यासाठी शब्द टाकला आणि त्याला फ्रान्समध्ये शिकण्यासाठी शिष्यवृत्ती मिळाली. त्यापूर्वी १८५६ मध्ये त्याने स्वतःहून मिहाई या शूर राजाचे एक ऐतिहासिक चित्र काढून बार्बू श्टिर्बेई या वलाखियाच्या शासकापुढे ठेवले होते आणि परदेशी शिक्षणासाठी मदत मागितली होती, ती मात्र मिळाली नव्हती. दरम्यान १८५९ मध्ये दोन्ही संस्थानांनी अलेक्झांद्रू इऑन कुझा या एकाच माणसाला गादीवर निवडून एकीकरण साधले होते, आणि नव्या राज्याला स्वतःचे शिकलेले चित्रकार हवे होते.

१८६१ च्या शरद ऋतूत ग्रिगोरेस्कू पॅरिसला पोहोचला. तिथल्या एकोल दे बोझार या सरकारी कलाशाळेत शिकवणीचा क्रम पक्का ठरलेला होता: आधी रेखाटन, मग पुतळ्यांवरून अभ्यास, मग नग्न मानवी शरीर, आणि या सगळ्याचे ध्येय म्हणजे इतिहास, पुराण किंवा बायबलमधला प्रसंग भव्य कॅनव्हासवर रंगवणे. चित्रांच्या प्रकारांची एक उतरंडच मानली जात असे. तीत निसर्गचित्राची जागा बरीच खाली होती. निसर्गचित्राला मान मिळवायचा तर त्यात एखादी देवता, एखादा भग्न स्तंभ किंवा पुराणातला वीर घालावा लागे. अशा ‘ऐतिहासिक निसर्गचित्रा’साठी १८१७ पासून रोमला पाठवण्याचे एक खास पारितोषिकही दिले जाई, जे १८६३ मध्ये बंद झाले. म्हणजे ग्रिगोरेस्कू नेमका अशा वेळी तिथे पोहोचला, जेव्हा जुनी रीत सरकारी दप्तरातूनही निघून जात होती. त्याने शाळेत फार काळ मन रमवले नाही. पॅरिसच्या आग्नेयेला सुमारे ६० किलोमीटरवर फाँतेन्ब्लोच्या जंगलाला लागून असलेल्या बार्बिझाँ या खेड्यात तो जाऊन राहिला.

बार्बिझाँत १८३० च्या सुमारापासून चित्रकारांची ये-जा सुरू झाली होती. थेओदोर रूसो आणि झाँ-फ्राँस्वा मिले हे दोघे ग्रिगोरेस्कू आला तेव्हा तिथेच राहत होते आणि कामिय कोरोचेही त्या जंगलाशी जुने नाते होते. या मंडळींना जंगल जंगल म्हणूनच रंगवायचे होते. त्यात अप्सरा किंवा वीर घालण्याची त्यांना गरज वाटत नव्हती. त्यांच्यासाठी जंगल इतके मोलाचे होते, की तिथली जुनी झाडे तोडून सरळ रांगांत पाइन लावण्याच्या वनखात्याच्या धोरणाविरुद्ध ते झगडले, आणि १८६१ मध्ये म्हणजे ग्रिगोरेस्कू फ्रान्समध्ये आला त्याच वर्षी, सुमारे १,१०० हेक्टर जंगल कलेच्या कारणासाठी राखून ठेवणारा शाही हुकूम निघाला. चित्रांसाठी जंगल राखायचे, ही कल्पना आजही काहीशी अचंब्याची वाटते.

उघड्यावर रंगवणे म्हणजे स्टुडिओतलीच पद्धत बाहेर नेणे, असा समज सहज होतो. प्रत्यक्षात त्यामुळे रंगवण्याची सगळी शिस्तच बदलते. स्टुडिओत चित्रकाराकडे वेळ असतो. उत्तरेकडच्या खिडकीतून येणारा प्रकाश दिवसभर जवळपास सारखा राहतो. कॅनव्हासवर आधी तपकिरी रंगात आकार बसवून घेता येतो, तो थर वाळू देता येतो, त्यावर पातळ पारदर्शक थर चढवता येतात, आणि हे काम आठवडेच्या आठवडे चालते. उघड्यावर मात्र सूर्य सरकत राहतो. दीड-दोन तासांत सावल्यांची दिशा, लांबी आणि रंग हे तिन्ही बदललेले असतात. अकरा वाजता सुरू केलेल्या चित्रात दुपारी दोनच्या सावल्या घातल्या, तर पाहणाऱ्याला चूक नेमकी सांगता येणार नाही, पण काहीतरी खोटे आहे हे जाणवेल. म्हणून चित्र लहान ठेवावे लागते, रंग जाड आणि एकाच बैठकीत लावावा लागतो आणि ओल्या रंगात ओला रंग मिसळण्याची तयारी ठेवावी लागते. या सगळ्याला एका साध्या शोधाची मदत झाली होती. १८४१ मध्ये पिळून वापरायच्या धातूच्या नळीचे पेटंट घेतले गेले आणि तैलरंग खिशात घालून नेता येऊ लागला. त्याआधी घोटलेला रंग डुकराच्या मूत्राशयाच्या पिशव्यांत भरून ठेवत. पिशवी टोचून रंग काढला, की ती पुन्हा नीट बंद होत नसे. १८४९ मध्ये पॅरिसहून फाँतेन्ब्लोपर्यंत रेल्वे आली, तेव्हा जंगल गाठणेही सोपे झाले.

पण घाई ही निम्मी अडचण झाली. उरलेली अडचण अशी, की रंगाच्या पेटीत सूर्य नसतो. सर्वांत पांढरा रंग आणि सर्वांत काळा रंग यांच्यातले अंतर हे आकाश आणि झाडाखालची सावली यांच्यातल्या खऱ्या अंतराच्या मानाने अगदीच तोकडे आहे. चित्रकाराला निसर्गातली सगळी उजळ-गडद श्रेणी या तोकड्या पट्टीत दाबून बसवावी लागते आणि तरीही परस्परांतले प्रमाण बिघडू द्यायचे नसते. मोकळ्या जागी आकाश बहुधा सर्वांत उजळ असते, सपाट जमीन आकाशाकडे तोंड करून असल्यामुळे तिच्यावर भरपूर उजेड पडतो, टेकडीचा उतार त्याहून थोडा गडद दिसतो आणि उभी झाडे सर्वांत गडद. दूरच्या वस्तूंत हवा मिसळते, त्यामुळे त्या फिकट आणि निळसर होतात. हा हिशेब जमला, की हिरवा रंग थोडा कमी-जास्त झाला तरी चित्रात उजेड शिरतो. हा हिशेब चुकला, तर पान न् पान रंगवूनही चित्र मेलेले राहते. कोरोची ख्याती याच गोष्टीसाठी होती, आणि ग्रिगोरेस्कूने बार्बिझाँत मुख्यत्वे हेच कमावले. त्याच्या त्या काळच्या जंगलचित्रांत रेषा फारशी दिसतच नाही. झाडाचे खोड म्हणजे गडद रंगाचा एक उभा पट्टा, त्यावर ऊन पडलेल्या जागी एक जाड, फिकट फटकारा, आणि पानांचा भार म्हणजे शेजारी शेजारी ठेवलेले तीन-चार छटांचे पॅच. जवळून पाहिले तर रंगाचे ओरखडे दिसतात, आणि चार पावले मागे सरकले तर झाडाखाली गारवा असल्याचे जाणवते.

लवकरच त्याला मान्यताही मिळू लागली. १८६७ च्या पॅरिसमधल्या जागतिक प्रदर्शनात त्याची चित्रे होती आणि १८६८ च्या सलोनमध्ये, म्हणजे पॅरिसच्या सरकारी कलाप्रदर्शनात, ‘तरुण जिप्सी स्त्री’ हे त्याचे चित्र स्वीकारले गेले. या विषयाला तेव्हा वेगळी धार होती: वलाखियात रोमा, म्हणजे जिप्सी, लोकांची गुलामगिरी १८५६ मध्ये संपली होती, म्हणजे त्या चित्रातल्या तरुणीच्या वयाची बरीच रोमा माणसे जन्मली तेव्हा मालकीची वस्तू होती. या काळात तो बुखारेस्ट आणि फ्रान्स यांच्या दरम्यान येत-जात राहिला. १८७३–७४ मध्ये त्याने इटली, ग्रीस आणि व्हिएन्ना असा प्रवासही केला. १८६४ मध्ये थेओडोर अमान आणि गेओर्गे तत्तारेस्कू या दोन चित्रकारांच्या प्रयत्नांतून बुखारेस्टला सरकारी कलाशाळा सुरू झाली होती. ग्रिगोरेस्कू मात्र शिक्षकी पेशात पडला नाही.

१८७७ मध्ये रोमानियाने स्वातंत्र्य जाहीर केले आणि रशियाच्या बाजूने ऑटोमन साम्राज्याविरुद्ध युद्धात उडी घेतली. ग्रिगोरेस्कू आणि आणखी काही चित्रकार सैन्याबरोबर डॅन्यूब ओलांडून बल्गेरियात गेले. ग्रिव्हित्सा आणि राहोवा इथल्या लढायांच्या वेळी त्याने भराभर रेखाटने केली: चिखलात अडकलेले गाडे, थंडीने आखडलेले पहारेकरी, तुर्की युद्धकैद्यांचे लांबलचक तांडे. खुल्या हवेत झटपट पाहून झटपट टिपण्याची जी सवय जंगलात लागली होती, ती इथे उपयोगी पडली. त्याचे सर्वांत प्रसिद्ध युद्धचित्र ‘स्मर्दानचा हल्ला’ हे १८८५ मध्ये पूर्ण झाले. विडिनजवळच्या स्मर्दान गावावर १८७८ च्या जानेवारीत झालेला हल्ला हा त्याचा विषय असून बुखारेस्ट नगरपालिकेने ते काम त्याच्याकडे सोपवले होते. त्या काळच्या युद्धचित्रांत सेनापती घोड्यावर मधोमध बसलेला असे आणि सैन्य त्याच्या मागे नीट मांडलेले असे. इथे केंद्रस्थानी कुणी सेनापती नाही. ओव्हरकोट घातलेले साधे शिपाई आरडाओरड करत थेट पाहणाऱ्याच्या अंगावर धावून येतात, धूर आणि थंडी यांच्यामुळे मागचे सगळे धूसर झालेले आहे. माझ्या मते हे चित्र त्याच्या निसर्गचित्रांपासून वेगळे काढून पाहूच नये. त्यातली हवा निसर्गचित्रकारानेच रंगवलेली आहे.

युद्धानंतर १८७९ ते १८९० या वर्षांत तो पुष्कळ काळ पुन्हा फ्रान्समध्ये राहिला, विशेषतः ब्रिटनीतल्या व्हित्रे या जुन्या गावात. इथे त्याने काळोख्या खोल्यांत शिवणकाम करणाऱ्या म्हाताऱ्या आणि अरुंद गल्ल्या रंगवल्या, तर नॉर्मंडीच्या किनाऱ्यावरच्या ग्रानव्हिलला कोळिणी. याच सुमाराचे ‘गूस घेतलेला ज्यू’ या आशयाचे त्याचे एक व्यक्तिचित्र आहे, त्यात एका हातात अर्ज आणि दुसऱ्या हातात गूस, म्हणजे बदकाहून मोठा पाळीव पक्षी, धरून एक गरीब ज्यू माणूस उभा आहे. १८७८ च्या बर्लिन कराराने धर्म न पाहता नागरिकत्व द्यावे अशी अट रोमानियाला घातली होती, पण ज्यूंना ते प्रत्यक्षात एकेका अर्जावर, रखडत आणि क्वचितच मिळे. अर्जाबरोबर तो पक्षी कशासाठी आणला आहे, हे पाहणाऱ्याला सांगावे लागत नाही. ग्रिगोरेस्कू फक्त गोड चित्रे काढत असे असे म्हणणाऱ्यांनी हे चित्र आवर्जून पाहावे.

१८९० पासून मात्र त्याने प्राहोवा नदीच्या खोऱ्यातल्या कंपिना या गावी बस्तान बसवले, आणि आज रोमानियात ज्या चित्रांमुळे त्याचे नाव घरोघरी पोहोचले आहे, ती बहुतेक या शेवटच्या सतरा वर्षांतली आहेत. यांतले एखादे बैलगाडीचे चित्र जवळून पाहू. चित्राचा अर्ध्याहून अधिक भाग आकाशाने व्यापलेला असतो, आणि ते आकाश निळे कमी, दुधी जास्त असते. खालच्या कोपऱ्यातून एक मातीची वाट तिरपी आत जाते आणि तिचा रंग आकाशाच्या रंगाच्या इतका जवळचा असतो की, दोन्हींमध्ये एकच उजेड फिरतो आहे असे वाटावे. वाटेवर बैलांची जोडी असते. हे बैल स्टेप जातीचे, राखाडी-पांढरे, लांब शिंगांचे. आपल्याकडचे खिलार बैल पाहिलेल्या माणसाला त्यांची ठेवण चटकन ओळखीची वाटेल. पांढऱ्या आकाशापुढे, पांढऱ्या वाटेवर, पांढरे बैल उभे करणे ही चित्रकाराने स्वतःवर ओढवून घेतलेली अडचण आहे, कारण त्यांना वेगळे काढायला गडद रंगाचा आधारच मिळत नाही. ग्रिगोरेस्कू हे काम छायेवर सोपवतो. बैलाच्या पोटाखाली आणि मानेच्या बाजूला निळसर-जांभळी करडी छटा येते, पाठीवर जाड, जवळजवळ कोरडा पांढरा रंग ओढलेला असतो, शिंगे दोन फटकाऱ्यांत संपतात. गाडीवान बहुधा पाय ओढत शेजारून चालत असतो किंवा गाडीत आडवा पडलेला असतो, त्याच्या चेहऱ्याचा तपशील नसतो. चाकांमागे धूळ उठते आणि ती आडव्या, पातळ, घासलेल्या रंगाने दाखवलेली असते, इतकी पातळ की खालच्या कॅनव्हासचा पोत वर येतो. समीक्षक या काळाला त्याचा ‘पांढरा काळ’ म्हणतात. त्यात त्याने पांढऱ्या रंगाकडून जेवढे काम करून घेतले, तेवढे क्वचितच कुणी घेतले असेल.

सगळीच चित्रे या दर्जाची नाहीत, हेही मोकळेपणाने म्हटले पाहिजे. मागणी वाढली, बुखारेस्टच्या अथेनियम या देखण्या सभागृहात त्याची प्रदर्शने भरू लागली, १८९९ मध्ये रोमानियन अकादमीने त्याला मानद सदस्य केले, आणि हा मान मिळालेला तो पहिला चित्रकार ठरला. गिऱ्हाईक बैलगाडी मागत होते आणि तो बैलगाडी देत होता. काही मेंढपाळ मुली तर इतक्या गुलाबी आणि स्वच्छ आहेत, की त्या मेंढ्यांमागे कधी फिरल्या असतील यावर विश्वास बसत नाही.

इथे दुसरी, राजकारणाची गोष्ट सुरू होते. १८८१ मध्ये राजेशाही झालेला हा नवा देश स्वतःची ओळख शोधत होता. शहरात फ्रेंच पोशाख, फ्रेंच भाषा आणि फ्रेंच घरे होती. मग खास रोमानियन म्हणावे असे काय आहे, या प्रश्नाला शिकलेल्या वर्गाने उत्तर दिले की, खेडे, शेतकरी आणि त्याची जमीन. १९०१ मध्ये सुरू झालेल्या ‘सेमेनेतोरुल’ या नियतकालिकाने खेड्याच्या या गौरवाला चळवळीचे रूप दिले. त्याच्या दोन संस्थापकांपैकी एक कवी अलेक्झांद्रू व्लाहुत्सा हा ग्रिगोरेस्कूचा मित्र होता आणि चित्रकाराच्या मृत्यूनंतर १९१० मध्ये त्याने त्याचे चरित्रही प्रसिद्ध केले. अशा वातावरणात बैलगाडीचे चित्र हे एका वाटेचे चित्र राहिले नाही. ते देशाचे चित्र झाले. गंमत अशी की, ही सगळी नजर फ्रान्समधून आली होती. साध्या शेताला आणि थकलेल्या शेतकऱ्याला कॅनव्हासवर मानाची जागा देता येते, हे ग्रिगोरेस्कूने मिलेच्या गावात राहून पाहिले होते. परक्या जंगलात कमावलेली दृष्टी त्याने घरच्या मातीवर लावली आणि त्या मातीला प्रथमच चित्रात चेहरा मिळाला.

पण तो चेहरा अर्धाच होता. ज्या कंपिनात बसून तो बैलगाड्या रंगवत होता, ते गाव त्याच वर्षांत युरोपातल्या तेलउद्योगाचे एक महत्त्वाचे ठिकाण बनत होते. प्राहोवा खोऱ्यात विहिरी खोदून आणि बोअर मारून खनिज तेल काढले जात होते, लाकडी तेलमनोरे उभे राहत होते, आणि १८९० च्या दशकाच्या उत्तरार्धात ‘स्तेआऊआ रोमाना’ कंपनीची मोठी रिफायनरी कंपिनात सुरू झाली. खोऱ्यातून डोंगर चढून जाणारी रेल्वे १८७९ पासून धावत होती. यातले काहीही त्याच्या प्रसिद्ध चित्रांत नाही. वाट आहे, धूळ आहे, बैल आहेत, पण धुरांडे नाही.

शेतकऱ्याची अवस्थाही चित्रांत दिसते तशी नव्हती. १८६४ च्या सुधारणेने वेठबिगारी संपवून शेतकऱ्यांना जमिनीचे तुकडे दिले खरे, पण ते पोट भरण्याइतके नव्हते. मोठ्या जहागिरी तशाच राहिल्या. जमीनदार शहरात राहत, जमीन मक्त्याने देत आणि मक्तेदार शेतकऱ्याला पिळून काढत. १९०७ च्या वसंतात उत्तर मोल्डाव्हियातल्या फ्लमंझ गावातून बंडाला तोंड फुटले, ते साऱ्या देशात पसरले आणि सैन्याने ते तोफा-बंदुकांनी चिरडले. मेलेल्या शेतकऱ्यांचा आकडा आजही वादाचा आहे, पण तो हजारांत आहे. त्याच वर्षी २१ जुलैला ग्रिगोरेस्कू कंपिनात वारला. त्याच्या इझलवर ‘जत्रेहून परत’ हे अपुरे चित्र होते. त्याच्या मृत्यूनंतर शेतकरी रंगवायचा, तर १९०७ विसरून रंगवणे चित्रकारांना सोपे राहिले नाही; ऑक्ताव्ह बंचिला याने त्या बंडावरच चित्रे काढली, ज्यांत धावणाऱ्या शेतकऱ्याच्या पायाशी प्रेते पडलेली आहेत. ग्रिगोरेस्कूवर ‘त्याने दुःख रंगवले नाही’ असा ठपका ठेवला जातो, आणि तो पूर्णपणे नाकारता येत नाही. मात्र तो ठपका त्याच्या रंगांवर नव्हे, तर त्याच्या निवडीवर आहे, एवढा फरक करावा लागतो. धुळीतला उजेड खरा आहे. त्या गाडीत कुणाचे धान्य चालले आहे, हे तो सांगत नाही.

या संदर्भात इऑन आंद्रेएस्कूचे नाव घेतल्याशिवाय पुढे जाता येत नाही. १८५० मध्ये बुखारेस्टला जन्मलेला हा चित्रकार अमानच्या हाताखाली शिकला आणि १८७२ पासून बुझाऊ या लहान शहरात शाळामास्तर म्हणून चित्रकला आणि सुलेखन शिकवत राहिला. ग्रिगोरेस्कूची चित्रे प्रदर्शनात पाहिल्यावर त्याने रंगवण्याचा मार्ग नक्की केला, असे मानले जाते. १८७९ च्या सुमारास त्यालाही पॅरिसला जायला मिळाले, त्याने तिथल्या आकादेमी जुलियाँ या खासगी कलाशाळेत नाव घातले, पण खरे काम केले ते बार्बिझाँतच. तिथे दोघे बरोबर रंगवत असत. ग्रिगोरेस्कूने बार्बिझाँत काम करणाऱ्या आंद्रेएस्कूचे एक चित्रही केले आहे. जंगल तेच, बैठकही कधी कधी तीच, पण नजर किती वेगळी असू शकते हे या दोघांकडे पाहून कळते. ग्रिगोरेस्कू उजेडाकडे आधी बघतो आणि वस्तू त्यातून उमटू देतो. आंद्रेएस्कूला जमिनीचे वजन आधी जाणवते. त्याच्या ‘बार्बिझाँमधील हिवाळा’ (१८८१) या चित्रात बर्फ पडलेली गावातली वाट, घरे आणि निष्पर्ण झाडे आहेत. बर्फ पांढरा नसून करडा, मातकट आणि तुडवलेला आहे, आकाशाचा भार घरांवर आलेला आहे आणि कुठेही सुखावणारा एक फटकारा नाही. त्याचे ओकचे झाड, त्याची बीचची जंगले, त्याचे रिकामे रस्ते हे सारे असेच घट्ट बांधलेले आहे. १८८२ मध्ये बुखारेस्टला प्रदर्शन भरवून त्याच वर्षी ऑक्टोबरमध्ये तो क्षयाने गेला, तेव्हा तो ३२ वर्षांचा होता. निसर्गचित्रकार म्हणून मला स्वतःला तो ग्रिगोरेस्कूहून कठोर आणि काही ठिकाणी खोल वाटतो; पण त्याच्या मागे चित्रे थोडी राहिली आणि लोकांना आठवायला बैलगाडीही नव्हती.

ग्रिगोरेस्कूची महत्त्वाची चित्रे आज बुखारेस्टच्या जुन्या राजवाड्यात असलेल्या राष्ट्रीय कलासंग्रहालयात आहेत. कंपिनातले त्याचे घर पहिल्या महायुद्धात जळाले, ते पुढे पुन्हा उभारून तिथे स्मारक-संग्रहालय केले आहे. बाजारात मात्र त्याच्या नावाने फिरणारे प्रत्येक चित्र त्याचेच असेल अशी खात्री देता येत नाही. रोमानियात सर्वाधिक नकला ज्यांच्या होतात, त्यांत त्याचे नाव वरचे आहे, आणि याची कारणे त्याच्या कामाच्या पद्धतीतच आहेत: बऱ्याच चित्रांवर त्याने तारीख घातली नाही, एकच विषय पुनःपुन्हा रंगवला आणि हात इतका सैल ठेवला की, वरवर पाहता कुणालाही ते जमेल असे वाटावे. नकला करणारे बैल नीट काढतात, शिंगेही बरोबर वळवतात, सहीसुद्धा हुबेहूब उतरवतात. जाणकार त्यामुळे बैलांवर वेळ घालवत नाहीत. ते आधी आकाश आणि वाट यांच्या उजेडाचे प्रमाण पाहतात, मग बैलाच्या पोटाखालची छाया पाहतात, आणि तिथे काळा रंग मिसळलेला दिसला की, चित्र बाजूला ठेवतात.